समीकरणावरून सरळ रेषेचा आलेख कसा काढायचा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

या पानावर क्ष आणि य ही दोन चले वापरली आहेत. तुमच्या पुस्तकात त्यांच्या जागी इंग्रजी अक्षरे असतील. गणित तेच राहते. आडव्या अक्षाला क्ष-अक्ष, उभ्याला य-अक्ष आणि दोन्ही जिथे भेटतात त्याला आरंभबिंदू म्हटले आहे. प्रश्न कोणत्याही क्रमाने वाचा, पण पहिला चुकवू नका. पुढची बहुतेक उत्तरे त्याच्यावर उभी आहेत.

समीकरण आणि रेषा यांचा एकमेकांशी संबंध काय?

समीकरण ही एक अट आहे. य = २क्ष − १ हे समीकरण कागदावरच्या प्रत्येक बिंदूला एकच प्रश्न विचारते: तुझ्या क्ष-निर्देशकाच्या दुपटीतून १ वजा केला की तुझा य-निर्देशक मिळतो का? (३, ५) हा बिंदू 'हो' म्हणतो. ३ ची दुप्पट ६, त्यातून १ गेला, उरले ५. त्याच्याच डोक्यावर एक घर वर बसलेला (३, ६) मात्र नापास होतो, कारण ६ − १ म्हणजे ६ नव्हे.

अट पाळणारे बिंदू किती? अगणित. (०, −१), (१, १), (२, ३) हे तर आहेतच, पण त्यांच्या मधल्या जागेत (०.५, ०) आहे, (१.२५, १.५) आहे, आणि त्यांच्याही मध्ये आणखी कितीतरी. हे सगळे बिंदू एकत्र दिसतात तेव्हा जी आकृती तयार होते ती त्या समीकरणाचा आलेख. रेषेवरचा एकही बिंदू अट मोडत नाही आणि अट पाळणारा एकही बिंदू रेषेबाहेर राहत नाही. ही दोन्ही वाक्ये लक्षात ठेवा, दोन्ही लागतात.

'तक्ता करा, तीन टिंबे द्या, पट्टीने जोडा' एवढीच कृती पाठ असलेली मुले मी खूप पाहिली आहेत. कृती बरोबरच आहे. पण टिंबांच्या मधला भाग कुठून आला असे विचारले की ती गप्प होतात, कारण त्यांच्या मनात आलेख म्हणजे तीन टिंबे आणि त्यांना जोडणारी एक दोरी. ती दोरी नाही. तिथला प्रत्येक कण त्या समीकरणाची उकल आहे. हे एकदा मनात बसले की उभी रेषा, दोन रेषांचा छेद, उत्तराची पडताळणी या सगळ्या गोष्टी वेगळ्या पाठ कराव्या लागत नाहीत.

आलेख सरळच का येतो? वाकडा का नाही?

य = ३क्ष + २ घ्या आणि क्ष ला ०, १, २, ३ अशा किमती द्या. य येतो २, ५, ८, ११. दर वेळी क्ष एकाने पुढे गेला की य तीननेच वाढतो, कुठूनही सुरुवात करा. आता शेजारी य = क्ष² मांडा: ०, १, ४, ९. इथे वाढ १, मग ३, मग ५. पाऊल तेवढेच, पण चढण दर पावलाला बदलते.

जिन्याची कल्पना करा. सगळ्या पायऱ्या सारख्या रुंद आणि सारख्या उंच असतील तर त्यांच्या कडांवर एक सरळ फळी टेकवता येते आणि ती प्रत्येक कडेला चिकटून बसते. एखादी पायरी जरी जास्त उंच निघाली तरी फळी अधांतरी राहते. रेषीय समीकरणाच्या पायऱ्या कायम सारख्या असतात, म्हणून त्याच्या बिंदूंवर पट्टी बसते. या पायरीची उंची भागिले रुंदी म्हणजे रेषेचा चढ.

समीकरण पाहूनच कसे ओळखायचे की रेषा येईल?

क्ष आणि य यांचा घात १ असावा, दोघांचा एकमेकांशी गुणाकार नसावा, आणि चल छेदात किंवा वर्गमूळात अडकलेले नसावे. क्ष·य = ६ हे दिसायला साधे आहे, पण त्याचा आलेख दोन वक्र तुकड्यांत येतो. उलट ३(क्ष − २) = २(य + १) हे कंसांमुळे अवघड वाटते, आणि आहे ती साधी रेषाच: कंस सोडवले की ३क्ष − २य = ८.

किती बिंदू काढायला हवेत?

रेषा ठरायला दोन पुरतात. दोन वेगळ्या बिंदूंमधून एक आणि एकच सरळ रेषा जाते. पण कागदावर काम करताना तीन काढा. तिसरा बिंदू साक्षीदार असतो.

३क्ष + २य = १२ हे उदाहरण बघू. क्ष = ० घेतला तर य = ६. य = ० घेतला तर क्ष = ४. आता साक्षीदार म्हणून क्ष = २ घेऊ: ६ + २य = १२, म्हणून य = ३. (०, ६), (२, ३), (४, ०) हे तिन्ही पट्टीच्या एका कडेवर येतात. घाईत ६ पलीकडे नेताना चिन्ह बदलायचे राहिले तर २य = १८ होते आणि य = ९ मिळतो. (२, ९) हा बिंदू कागदावर दिला की तो इतका बाहेर जाऊन बसतो की चूक लपतच नाही.

अशा वेळी मुले दोन गोष्टी करतात आणि दोन्ही टाळाव्यात. एक, तिन्ही बिंदूंच्या 'साधारण मधून' रेषा ओढणे. दोन, तिसरा बिंदू खोडून टाकणे आणि पहिल्या दोघांवर विश्वास ठेवणे. तिन्ही एका रेषेत नाहीत एवढेच आकृती सांगते. चुकलेला कोण ते ती सांगत नाही. कदाचित पहिलाच चुकला असेल. म्हणून तिन्ही बिंदू पुन्हा समीकरणात ठेवून बघा.

एक सावधगिरी आणखी, आणि ही फारशी कोणी सांगत नाही. समजा तुम्ही आधी समीकरणाची मांडणी बदलली आणि तिथेच चूक झाली. मग तिन्ही बिंदू त्या चुकीच्या मांडणीतून येतील, एका रेषेत सुरेख बसतील, आणि रेषा भलतीच असेल. साक्षीदार इथे कामाचा नाही, कारण तिघेही एकाच खोट्या कागदावरून बोलत आहेत. पडताळणी नेहमी प्रश्नात दिलेल्या मूळ समीकरणात करा.

क्ष च्या कोणत्या किमती निवडाव्यात?

कोणत्याही चालतात. म्हणूनच निवड आपल्या सोयीची करावी. य = (२/३)क्ष + १ असेल तर क्ष साठी ३ च्या पटी घ्या: −३, ०, ३, ६. य येतो −१, १, ३, ५. इथे क्ष = १ आणि २ घेतले तर १.६६ आणि २.३३ अशा किमती कागदावर अंदाजाने बसवाव्या लागतात, आणि अंदाज आला की रेषा हलते.

दोन्ही चलांना सहगुणक असतील आणि पूर्णांक सापडत नसतील तर थोडा शोध घ्यावा लागतो. ५क्ष − ३य = १ घ्या. क्ष = ० ठेवला तर य = −१/३, य = ० ठेवला तर क्ष = १/५. दोन्ही गैरसोयीचे, वर दोन्ही आरंभबिंदूला खेटून. य = (५क्ष − १)/३ असे लिहा आणि वरची संख्या ३ ने भागली जाईल असा क्ष शोधा. क्ष = २ ला ९/३, म्हणजे ३. एक सापडला की पुढचे फुकट मिळतात: क्ष मध्ये ३ मिळवा, य मध्ये ५ मिळवा. (२, ३) वरून (५, ८). उलट दिशेने तेवढेच वजा करा की (−१, −२). तीन बिंदू झाले.

बिंदू एकमेकांपासून लांब असावेत हेही महत्त्वाचे. दोन बिंदूंमध्ये फक्त १ सेंमी अंतर आहे आणि त्यातला एक अर्धा मिमी वर पडला असे समजा. तीच रेषा पहिल्या बिंदूपासून १० सेंमी पुढे नेली की ती ५ मिमी भरकटलेली असते. हेच बिंदू १० सेंमी अंतरावर असते तर त्यांच्यामधल्या भागात चूक अर्ध्या मिमीच्या वर गेलीच नसती. टोकदार पेन्सिलीपेक्षा लांबचे बिंदू जास्त उपयोगी पडतात.

तक्ता न करता, चढ आणि छेद वापरून रेषा कशी काढायची?

समीकरण य = म·क्ष + क या रूपात असेल तर तक्त्याची गरज नाही. क सांगतो की रेषा य-अक्षाला कुठे छेदते, कारण क्ष = ० ठेवला की य = क एवढेच उरते. म हा चढ.

य = −(३/४)क्ष + २ काढू. पेन्सिल (०, २) वर टेकवा. चढ −३/४, म्हणजे उजवीकडे ४ घरे गेल्यावर ३ घरे खाली. पोहोचलात (४, −१) वर. पुन्हा (०, २) वर या आणि उलटे जा: डावीकडे ४, वर ३. आलात (−४, ५) वर. तिन्ही बिंदू जोडा.

उणे चिन्हाचे इथे हमखास घोटाळे होतात. −३/४ मधले उणे एकदाच वापरायचे असते. उजवीकडे जाताना ते खाली नेते. डावीकडे जाताना वर नेते. डावीकडेही जायचे आणि खालीही जायचे असे केले तर उणे भागिले उणे होऊन चढ +३/४ होतो आणि रेषा उलट्या बाजूला कलते. स्वतःला एक प्रश्न विचारायची सवय ठेवा: डावीकडून उजवीकडे वाचत गेले तर ही रेषा चढते आहे की उतरते आहे? म धन असेल तर चढायला हवी, ऋण असेल तर उतरायला. एवढ्या एका नजरेत निम्म्या चुका सापडतात.

चढ पूर्णांक असेल, समजा २, तर तो २/१ असा लिहा. उजवीकडे १, वर २. म्हणजे 'उजवीकडे किती' हा प्रश्न पडत नाही.

४क्ष − ५य = २० असे समीकरण असेल तर आधी य एकटा करायलाच हवा का?

मुळीच नाही. बोटाने झाका. −५य वर बोट ठेवा, म्हणजेच य = ० धरा, उरते ४क्ष = २०, म्हणून क्ष = ५. आता ४क्ष वर बोट ठेवा, उरते −५य = २०, म्हणून य = −४. रेषा दोन्ही अक्षांना (५, ०) आणि (०, −४) मध्ये छेदते. साक्षीदार म्हणून क्ष = १०: ४० − ५य = २०, य = ४. (१०, ४) त्याच रेषेत बसतो.

माझ्या मते या रूपातल्या समीकरणांसाठी हीच पहिली पसंती असावी. य एकटा करताना चिन्हे बदलतात, अपूर्णांक येतात, आणि प्रत्येक बदलात चुकायला जागा असते. इथे समीकरणाला हातच लावावा लागत नाही.

२क्ष + ३य = ० साठी झाकायची युक्ती चालत नाही. का?

दोन्ही वेळा उत्तर (०, ०) येते. ही रेषा दोन्ही अक्षांना एकाच ठिकाणी, आरंभबिंदूत छेदते, म्हणून युक्तीने दोनऐवजी एकच बिंदू हाती लागतो. क्ष = ३ घ्या, य = −२ मिळेल. क्ष = −३ ला य = २. समान चिन्हाच्या एका बाजूला फक्त ० असेल आणि दुसऱ्या बाजूला सुटी संख्या नसेल, तर रेषा आरंभबिंदूतून जाणार हे आधीच ओळखता येते.

क्ष = ३ ची रेषा उभी का? क्ष-अक्ष तर आडवा आहे ना?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच असावा, आणि तो पडणे अगदी स्वाभाविक आहे. 'क्ष आडवा, म्हणून क्ष = ३ ही आडवी रेषा' असे मन पटकन म्हणते.

पहिल्या उत्तराकडे परत या. समीकरण ही अट आहे. क्ष = ३ ची अट काय? क्ष-निर्देशक ३ असला पाहिजे. य बद्दल ती अवाक्षर काढत नाही. मग (३, ०) चालेल, (३, ४) चालेल, (३, −७) चालेल, (३, १००) सुद्धा. हे बिंदू प्रत्यक्ष कागदावर देऊन बघा: सगळे एकाखाली एक, उभ्या ओळीत. क्ष ने उजवीकडे-डावीकडे हलायचे नाही असे बजावले आहे, त्यामुळे मोकळीक उरते ती फक्त वर-खाली जाण्याची.

त्याच न्यायाने य = −२ ही आडवी रेषा. तिथे उंची बांधलेली आहे आणि आडवे कितीही फिरा. यातून सुरुवातीला विचित्र वाटणारी एक गोष्टही उलगडते: य-अक्षाचे समीकरण क्ष = ० आहे आणि क्ष-अक्षाचे य = ०.

चढाबद्दल इथेच एक खुलासा. आडव्या रेषेचा चढ ० असतो. उभ्या रेषेला चढच नसतो, कारण तो काढताना आडव्या अंतराने भागावे लागते आणि ते अंतर ० आहे. 'चढ शून्य' आणि 'चढ नाही' ही दोन वेगळी उत्तरे आहेत. परीक्षेत एकाच्या जागी दुसरे लिहिले तर चूकच धरली जाते. आणि उभ्या रेषेला चढ नसल्यामुळेच ती य = म·क्ष + क या रूपात लिहिता येत नाही.

प्रमाण कसे ठरवायचे?

आधी तक्ता, मग प्रमाण, मग अक्ष. उलट क्रमाने गेलात की शेवटचा बिंदू कागदाबाहेर जातो.

य = ५०क्ष + २०० हे क्ष = ० पासून ८ पर्यंत काढायचे असेल तर य २०० पासून ६०० पर्यंत जातो. क्ष-अक्षावर १ सेंमी = १ एकक आणि य-अक्षावर १ सेंमी = ५० एकक घेतले की ६०० साठी १२ सेंमी पुरतात. दोन अक्षांवर दोन वेगळी प्रमाणे घेतलेली चालतात, फक्त ती कोपऱ्यात लिहायची. न लिहिलेले प्रमाण म्हणजे वाचणाऱ्याला न सांगितलेली भाषा.

वेगळी प्रमाणे घेतली की डोळ्याला दिसणारा कल फसवतो. वरच्या प्रमाणात ही रेषा बरोबर ४५ अंशांची दिसते: १ सेंमी उजवीकडे, १ सेंमी वर. नुसती घरे मोजून 'चढ १' लिहाल तर चुकाल. ते वरचे एक घर ५० चे आहे, म्हणून चढ ५०. घरे मोजू नका, अक्षावरचे आकडे वाचा.

आता ती चूक, जी वह्या तपासताना मला पुन्हा पुन्हा दिसते. तक्त्यात क्ष च्या किमती ०, १, ४, ७ आहेत. मूल अक्ष आखते, दर सेंमीवर एक खूण करते, आणि खुणांखाली तक्त्यातलेच आकडे ओळीने लिहिते: ०, १, ४, ७. आता ० ते १ हे अंतर १ सेंमी, आणि १ ते ४ हेही १ सेंमी. बिंदू देताना कुठेही चूक नाही, हिशोब सगळा बरोबर, तरी बिंदू एका रेषेत येत नाहीत, आणि ते मूल आपला गुणाकार पुन्हा पुन्हा तपासत बसते. चूक गुणाकारात नाहीच, ती अक्षावर आहे. एका अक्षावर सारख्या अंतराला सारखीच वाढ हवी. तक्त्यात २ आणि ३ नसले तरी अक्षावर त्यांची जागा राखून ठेवावी लागते.

(२, ५) आणि (५, २) एकच का नाहीत?

कारण जोडी क्रमित असते: पहिला आकडा आडवा, दुसरा उभा. य = २क्ष + १ मध्ये (२, ५) पास होतो; (५, २) नापास, कारण क्ष = ५ ला य = ११ हवा. आधी जमिनीवर चाला, मग शिडी चढा.

रेषेच्या टोकांना बाण काढायचे का?

हो. समीकरणाने कुठेही थांबायला सांगितलेले नाही, म्हणून शेवटच्या टिंबापाशी रेषा तोडू नका. थोडी पुढे न्या आणि दोन्हीकडे बाण द्या. अपवाद तेव्हा, जेव्हा चलाला अर्थ असतो. क्ष म्हणजे सुरुवातीपासून गेलेला वेळ असेल तर ऋण किमतींना अर्थ नाही आणि रेषा क्ष = ० पासून एकाच बाजूला जाते. क्ष म्हणजे माणसांची संख्या असेल तर अडीच माणसे संभवत नाहीत, तिथे सुटी टिंबेच खरी.

खऱ्या जगातले एखादे समीकरण आहे का, ज्यावर सराव करता येईल?

तापमानाचे घ्या. सेल्सिअस अंश क्ष आणि फॅरनहाइट अंश य मानले तर य = १.८क्ष + ३२. पाणी ० अंश सेल्सिअसला गोठते, तिथे य = ३२; हाच य-अक्षावरचा छेद. सामान्य वायुदाबाला ते १०० ला उकळते, तिथे य = २१२. दोन बिंदू मिळाले: (०, ३२) आणि (१००, २१२). साक्षीदार म्हणून −४० घ्या: १.८ गुणिले −४० म्हणजे −७२, त्यात ३२ मिळवले की −४०. म्हणजे −४० वर दोन्ही मापांचा आकडा एकच! माझा हा आवडता बिंदू आहे. दोन्ही अक्षांवर सारखेच प्रमाण घेऊन य = क्ष ही रेषाही त्याच कागदावर काढा; दोन्ही रेषा बरोबर (−४०, −४०) मध्ये भेटताना दिसतील.

चढ १.८, म्हणजेच ९/५: सेल्सिअस ५ ने वाढला की फॅरनहाइट ९ ने वाढतो. रेषा नीट काढली असेल तर ३७ च्या वर सरळ जाऊन डावीकडे वळा आणि वाचा, ९८.६ च्या आसपास आकडा मिळेल. नुसत्या डोळ्यांनी दशांश वाचता येणार नाही. हाताने काढलेल्या आलेखाची तेवढी मर्यादा मान्य करावी. आणि ही रेषा डावीकडे अमर्याद जात नाही. −२७३.१५ अंश सेल्सिअसच्या खाली तापमानच नसते, तिथे ती संपते.

दोन रेषा एका कागदावर काढल्या की उत्तर कसे मिळते?

दोन्ही अटी एकदम पाळणारा बिंदू शोधायचा असतो, आणि तो दोन्ही रेषांवर असणार, म्हणजे छेदनबिंदूतच. क्ष + य = ५ आणि २क्ष − य = ४ काढा, त्या (३, २) मध्ये भेटतात. रेषा समांतर निघाल्या तर अशी जोडी नाही, आणि एकीवर दुसरी तंतोतंत बसली तर अगणित आहेत. छेद घरांच्या मधे कुठेतरी आला तर आलेखावरून मिळालेले उत्तर अंदाजच समजा आणि बीजगणिताने नक्की करा.

मोबाइलवर क्षणात आलेख येतो. मग हाताने कशाला काढायचा?

जिओजेब्रा आणि डेस्मॉस ही दोन्ही साधने उत्तम आहेत आणि ती वापरावीतच. म ची किंमत सरकवत नेली की रेषा कशी फिरते, क सरकवला की ती न फिरता कशी वर-खाली होते, हे तिथे जितके सुंदर दिसते तितके कागदावर दिसणार नाही.

पण साधनाचे उत्तर वाचायलाही थोडी हाताची सवय लागते. पडद्यावर दोन्ही अक्ष −१० ते १० दिसत असताना य = क्ष + २०० टाकून बघा. पडदा रिकामा! रेषा हरवलेली नाही. ती य-अक्षाला २०० वर छेदते आणि पडदा १० पर्यंतच आहे. चढ आणि छेद समीकरणातच वाचायची सवय असेल तो लगेच पडदा लहान करून रेषा शोधतो. नसेल तो आपण काहीतरी चुकीचे टाइप केले असे समजतो. निदान पहिल्या वीसपंचवीस रेषा पेन्सिलीने काढाव्यात असे मला मनापासून वाटते.

समीकरणाचे चित्र काढता येते ही कल्पना कोणाची?

रने देकार्त या फ्रेंच विचारवंताने १६३७ मध्ये भूमितीवरचा जो भाग प्रसिद्ध केला, त्यात वक्रांचा अभ्यास समीकरणांनी करण्याची पद्धत मांडली. त्याच सुमारास पिएर द फर्मा स्वतंत्रपणे त्याच कल्पनेपर्यंत पोहोचला होता, पण त्याचे लिखाण छापील रूपात त्याच्या मृत्यूनंतर आले. त्याही आधी, चौदाव्या शतकात, निकोल ओरेमने बदलत्या वेगाचे चित्र आडव्या रेषेवर उभ्या उंची मांडून काढले होते. 'कार्टेशियन निर्देशक' हे नाव देकार्तच्या लॅटिन नावावरून आले. आज आपण आखतो तसे काटकोनातले, ऋण संख्यांसह चारही चरणांचे अक्ष मात्र देकार्तच्या लिखाणात नाहीत. ते पुढच्या लोकांनी रुळवले.

रेषा काढून झाली. ती बरोबर आहे याची खात्री कशी करायची?

आधी न वापरलेला एक बिंदू निवडा. ३क्ष + २य = १२ ची रेषा डावीकडे वर वाढवली की ती (−२, ९) मधून जाताना दिसते. मूळ समीकरणात ठेवा: −६ + १८ = १२. बसला. आता मुद्दाम रेषेबाहेरचा एखादा घ्या, (१, ४): ३ + ८ = ११. नाही बसला, आणि बसायला नकोच होता. १२ पेक्षा कमी आले, म्हणजे हा बिंदू रेषेच्या आरंभबिंदूकडच्या बाजूला असायला हवा, कारण (०, ०) लाही ० येतो आणि तो १२ पेक्षा कमीच आहे. कागदावर बघा, तो त्याच बाजूला आहे का.